ओल्या पायांची रीत

फ्लेक्स मीच फाडला. मासे कापायच्या कोयत्यानं फाडला, भर दिवसा, बंदरावरच्या माणसांसमोर. दिपेश गावभर सांगत फिरतोय की चंद्रकांताकाकीचं डोकं फिरलंय. फिरलं तर फिरलं. माझं डोकं हाय, माझं मी बघून घेईन.

पण आधी काय झालं ते सांगते, नायतर तुमी पण त्याचीच बाजू घ्याल.

रिद्धी माझी भाची, माझ्या भावाची, पुंडलिकची, एकुलती एक पोर. ती चालायला लागायच्या आत तिची आई गेली. त्याच सुमाराला माझा नवरा गेला आणि मी माहेरी सातपाटीला परत आले. पुंडलिक बोटीवर, मी मासळी बाजारात आणि पोर माझ्या टोपलीजवळ, असंच तिचं बालपण गेलं. बाराखडीच्या आधी ती खवलं काढायला शिकली. आता तिला सोळावं लागलंय, पण अंगानं इतकी बारीक की नवीन गिऱ्हाईक विचारतं, सातवीत हायस काय गं? बोलते कमी. घरात बोलायचं काम माझ्याकडं हाय, आणि ते मी नीट करते.

आमी दोघी ओहोटीला खाडीत कालवं काढायला जायचो. खडकाला चिकटलेल्या शिंपल्या असतात त्या, वरचं कवच फोडायचं आणि आतलं मांस काढायचं. कोयती माझ्या हातात, डबा तिच्या हातात. डब्यातली निम्मी ती तिथंच कच्ची खायची, आणि मी ओरडायचे. ह्या वर्षी गेलो तर खडकांवर सगळी कवचं उघडी पडलेली, आत काळा चिखल, आणि पाण्याला असा वास की डोळे चुरचुरले. कुणीतरी टँकर आणून खाडीत घाण सोडतंय, हे गावाला ठाऊक. कोण, कुठला, ते कुणालाच ठाऊक नाय. तक्रार केली तेव्हा साहेब आले, बाटलीत पाणी भरून घेऊन गेले. ती बाटली गेली ती गेलीच.

 रिद्धी रिकामा डबा घेऊन माझ्या मागून चालत आली. मला वाटलं, पोर हाय, विसरेल.

मग एका संध्याकाळी ती एकटीच खाडीवर गेली. पुलाच्या तोंडाशी टँकर उभा, मागचा नळ सोडलेला, पाणी धो धो खाडीत. हाताला लागला तो दगड तिनं उचलला आणि भिरकावला. ड्रायव्हर केबिनच्या पायरीवर उभा होता. दगड बसला नेमका त्याच्या कपाळावर. तो वरून खाली कोसळला, खांदा मोडला, तोंड सगळं रक्तानं भरलं.

आणि टँकरात काय होतं? पाणी! प्यायचं पाणी! बोईसरच्या चाळींना पाणी टाकून उरलेलं तो टाकी धुवायला सोडत होता. मारुती नाव त्याचं. घाटावरनं पोटासाठी आलेला माणूस, खाडीशी त्याचं काही देणंघेणं नाय.

रिद्धी पळाली नाय. हे मी मुद्दाम सांगते. तिनं गळ्यातली ओढणी काढून त्याच्या कपाळाला बांधली, रस्त्यात उभी राहून रिक्षा थांबवली, त्याला आत बसवला. पोलीस आले तेव्हा ती पुलाच्या कठड्याशीच बसलेली होती.

गावात मात्र अर्धीच गोष्ट पोचली. पुंडलिकच्या पोरीनं टँकरवाल्याला दगड मारला! झालं, सगळे खूश. इतक्या वर्षांत जे कुणाला जमलं नाय ते आमच्या पोरीनं केलं! पाणी होतं, केमिकल नव्हतं, हे सांगायला गेलं तर दिपेश म्हणे, "काकी, हे कंपनीवालेच पसरवतात." दिपेश आमच्या मंडळाचा अध्यक्ष. मनानं वाईट नाय, कुणाची बोट अडकली तर पहिला पाण्यात उडी टाकतो. पण जागा दिसली की बांबू रोवायचा आणि बांबू दिसला की फ्लेक्स लावायचा, ही त्याला खोड.

पालघरला बाल न्याय मंडळासमोर रिद्धीला नेलं, तर गाव टेम्पो भरभरून तिकडं. आमची रीतच ती, गावातल्या माणसाला बाहेर कुणी उभं केलं की गाव मागं जाऊन उभं राहतं. "रिद्धीताई आगे बढो" म्हणून पोरं ओरडत होती. मी पण ओरडले, खोटं कशाला बोलू? माझा आवाज तर पार रस्त्यापर्यंत गेला असेल.

पुंडलिक दर्यावर होता, म्हणून मग मला आत बोलावलं. मला वाटलं कोर्ट असेल, उंचावर जज्ज बसलेला, पिंजरा. तर साधी खोली, टेबल, खुर्च्या, पाण्याची बाटली. पोलीसबाई पण साध्या ड्रेसमध्ये. रिद्धीला कुणी आरोपी म्हणेना, सगळी बाळा-बाळा म्हणून बोलत होती. मॅजिस्ट्रेट बाईंनी विचारलं, "आत्या आली आहे तुला न्यायला. घरी जायचं ना?"

बाहेरून आमच्या लोकांचा आवाज येत होता. रिद्धीनं खिडकीकडं बघितलं आणि म्हणाली, "घरी नको."

 जिला मी भरवलं, न्हाऊ-माखू घातलं, ती माझ्यासमोर म्हणते घरी नको!

"का गं?" बाईंनी हळू आवाजात विचारलं.

"तिकडं सगळे टाळ्या वाजवतात," रिद्धी म्हणाली.

त्यांनी तिचं ऐकलं. प्रकरण संपेपर्यंत मुलींच्या गृहात ठेवायचं ठरलं. मी बाहेर आले तेव्हा पोरं अजून घोषणा देत होती. मी म्हटलं, "गप बसा रे मेल्यांनो." त्यांना वाटलं मी थकले.

तिला भेटायला मी जायचे. बोंबलाची चटणी न्यायचे, तांदळाच्या भाकऱ्या न्यायचे. ती एक घास खायची आणि डबा बाजूला सारायची. मी गावातलं काय काय सांगत बसायचे आणि ती माझ्या पायांकडं बघत बसायची. घरी आले की चुलीपुढं बसून रडायचे. धूर जातो डोळ्यांत, असं पुंडलिकला सांगायचे. घरात गॅस हाय, पण तो काय बोलला नाय.

शेवटी प्रियदर्शिनी मॅडमचा फोन आला. त्या परिविक्षा अधिकारी, म्हणजे अशा पोरांची चौकशी करायची, घरी गेल्यावर पण लक्ष ठेवायचं, हे त्यांचं काम. वयानं माझी पोर शोभेल अशा, पण नजर कडक. पालघरला त्यांच्या हापिसात मी गेले तर त्यांनी आधी चहा मागवला. चहा मागवला म्हणजे काहीतरी अवघड सांगायचं असणार, एवढं मला कळतं.

"मावशी, निर्णय झाला," त्या म्हणाल्या. "तिला समज दिली आहे. समुपदेशनाला यायचं आणि सुट्टीच्या दिवशी सरकारी दवाखान्यात मदत करायची. बाकी ती मोकळी. आणि आता ती घरी यायला तयार आहे. पण तिची एक अट आहे."

"अट? पोर अट घालते?"

"घालू शकते. तिच्याबद्दल काही ठरवायचं तर तिचं म्हणणं ऐकावंच लागतं. जगातल्या देशांनी मिळून मुलांच्या हक्कांचा करार केलाय, मावशी. आपला देशही त्यात आहे. मुलाला त्याच्या मनातलं बोलू द्या, आणि मोठ्यांनी ते मनावर घ्या, असं त्यात आहे. आणि मुलाच्या हातून गुन्हा झाला, तरी त्याची ओळख चव्हाट्यावर आणू नका, हेही आहे. आपल्या कायद्यात तर नाव, फोटो छापणं हाच गुन्हा आहे. तिच्या प्रकरणाची नोंदसुद्धा पुढं नष्ट करतात. मोठी झाली की कुणी तिला म्हणायचं नाही, तू ती ना?"

मी चहा बाजूला सारला. कारण सकाळीच मी बंदरावरून येताना बघितलं होतं, दिपेशची पोरं बांबू रोवत होती.

"अट काय हाय?" मी विचारलं.

"कुणी काही विचारायचं नाही. शिव्या नकोत, शाबासकीही नको. साधं राहू द्यायचं." मॅडमनी कप खाली ठेवला. "ती तयार आहे. गाव तयार आहे का, ते तुम्ही सांगा. नाहीतर मी तिला घाईनं आणणार नाही."

आता तुमीच सांगा. गाव आमचं सातपाटी! इथं सकाळी कुणाच्या घरात कपबशी फुटली तर दुपारी बाजारात तिचा रंग सुद्धा ठाऊक असतो. त्या गावाला मी गप बसवू? पण मी मान हलवली. म्हटलं, "तयार करते. आणा तुमी."

रिक्षानं थेट बंदरावर उतरले. फ्लेक्स लागला होता. रिद्धीचा शाळेतला फोटो, दोन वेण्यांचा, माणसाएवढा मोठा केलेला. वर लिहिलेलं, "सातपाटीची वाघीण! केमिकल माफियांना दणका!" आणि खाली दिपेश, त्याच्या बाजूला त्याचे मित्र, सगळ्यांच्या डोळ्यांवर काळे गॉगल. एवढ्या मोठ्या फोटोत पोरीचे डोळे घाबरलेले दिसत होते. त्या दिवशी शाळेत फोटोवाला आला तेव्हा ती घाबरलीच होती, मला आठवतंय.

पिशवीतून कोयता काढला आणि टराटरा फाडला.

दिपेश धावत आला. "काकी! काकी, काय करताय? आमी तिच्या पाठीशी हाय!"

"पाठीशी हायस तर पाठीशी रहा की! तोंडापुढं कशाला नाचतोस?"

"बदनामी थोडीच करतोय? अभिमान हाय आमाला."

"तिला विचारलंस?"

तो खाली पडलेला तुकडा गोळा करायला लागला.

"तिला विचारलंस काय रे, तुझा फोटो लावू का? जिनिव्हात बसलेल्या माणसांना माझ्या पोरीचं मन कळतं आणि तू इथं तिच्याशी लगोरी खेळलास, तुला कळत नाय?" जिनिव्हा कुठं हाय ते मला ठाऊक नाय, मॅडम म्हणालेल्या की असलं सगळं तिकडं बघतात. "अरे, तिनं पाणीवाल्याला मारलंय. गरीब माणसाला. तू टाळी वाजवलीस की तिला त्याचं रक्त दिसतं. म्हणून ती घरी येत नव्हती. आपल्यामुळं येत नव्हती, दिपेश!"

 दिपेश धक्का उतरून खाली वाळूत बसला.  मग उठला, उरलेल्या दोऱ्या त्यानंच सोडल्या, आणि मोबाईल काढून मंडळाच्या ग्रुपवर सगळ्यांना दम भरला, तिचा फोटो ज्याच्याकडं असेल त्यानं आत्ताच्या आत्ता काढून टाका. बाहेर मात्र माझं डोकं फिरलंय असंच सांगतो. अध्यक्ष हाय, त्याला काहीतरी सांगावं लागतं.

फ्लेक्सचं काय केलं म्हणाल, तर गॉगलवाला भाग उलटा करून त्यावर जवळा वाळत घातला. रिद्धीच्या चेहऱ्याचा तुकडा जाळायला घेतला होता, पण हात धजेना. गुंडाळून ट्रंकेत ठेवला, माझ्या लग्नाच्या लुगड्याखाली.

फोटोची वाट लागली, पण तोंडांचं काय? पुंडलिक दर्यावरून आला होता, अंगणात जाळं विणत बसलेला. मी त्याच्यापुढं सगळं ओतलं. कुणाकुणाला सांगू, काय म्हणून सांगू, गावाला काय करार वाचून दाखवू? पुंडलिक जाळ्याची गाठ मारत राहिला. मग म्हणाला, "चंद्रे, आपल्याकडं ओल्या पायांची रीत हाय की."

 मला कसं सुचलं नाय!

आमच्यात कोण दर्यात अडकून, वाहवत जाऊन, गावानं आशा सोडल्यावर परत आला, तर त्याला किनाऱ्यावर कुणी काही विचारत नाय. कुठं होता, काय झालं, बाकीचे कसे हायत, काही नाय. त्याचे पाय ओले हायत, म्हणायचं. आधी पाणी द्यायचं, मग ताट वाढायचं. फक्त एकच विचारायची मुभा, जेवलास का? पुढं त्याला बोलायचं तर तो बोलेल, नाय तर नाय. रांडमुंड बाई सुद्धा, जिचा नवरा त्याच बोटीवर होता, ती पण त्याच्या दाराशी जाऊन बसेल, पण विचारणार नाय. कुणी घालून दिलं, ठाऊक नाय. पण मोडलेलं मी बघितलं नाय.

पुंडलिक स्वतः असा परत आला होता, तरुणपणी. इंजिन बंद पडून बोट पार वर गुजरातकडं वाहवत गेली होती.

"मला तेव्हा कुणी विचारलं असतं ना," तो म्हणाला, "तर मी परत बोटीवर चढलोच नसतो." एवढं बोलून तो जाळ्याकडं वळला. आमच्या पुंडलिकसाठी हे भाषण झालं.

मी घरोघरी गेले. करार-बिरार काही बोलले नाय. एवढंच म्हटलं, रिद्धी परत येतेय, पाय ओले हायत पोरीचे. माणसं मान हलवायची. एकीनं सुद्धा का म्हणून विचारलं नाय.

शेवटी राहिली जागृती. बाजारात माझ्या शेजारी बसते, आणि बसायच्या जागेवरून आमची बोलाचाल बंद होऊन कितीतरी पावसाळे गेले. तिच्या तोंडात तीळ भिजत नाय. गावातली बातमी पार एडवण गावापर्यंत पोचवायची असेल तर जागृतीच्या कानात सांगावी.  पण पोरीसाठी गेले.

"रिद्धीचे पाय ओले हायत," मी उंबऱ्याबाहेरूनच म्हटलं.

जागृतीनं कमरेवर हात ठेवले. "मग मला काय सांगायला आलीस? मला काय रीत ठाऊक नाय? माझा बाप दर्यातच ऱ्हायला, विसरलीस?"

मी परत फिरले तर मागून ओरडली, "आणि चहा न पिता चाललीस कुठं?"

प्यायले. साखर कमी होती, पण प्यायले.

रिद्धी आली ती सकाळी, बाजार भरलेला असताना. प्रियदर्शिनी मॅडम रिक्षातून उतरल्या, मागून ही, खांद्याला पिशवी, नजर खाली. आणि आमचा बाजार, जिथं कानाशी ओरडून बोलावं लागतं, तो असा चिडीचूप झाला की मला पाण्याचा थेंब पडलेला ऐकू आला. सगळ्या बायका माना खाली घालून मासे बघतायत. कधी न बघितल्यासारखे! कोणी तिच्याकडं बघायचं नाय म्हणून दोघीतिघींनी तर पाठच फिरवली. पोर जागच्या जागी थिजली.

मला राहवेना. "अगं ओरडा की!" मी ओरडले. "मयत झालंय काय कुणाचं? जागृती, तुझे बांगडे काय तोंडानं बोलणार हायत?"

"माझ्या बांगड्यांचं तू बोलू नको! आधी तुझे बोंबील बघ, वास येतोय इथपर्यंत!" जागृती कडाडली, आणि मग सगळ्याच सुटल्या. भाव, शिव्या, गिऱ्हाइकांना हाका. त्या गोंगाटात रिद्धी वाट काढत माझ्याजवळ आली. मी पाटावर सरकून जागा केली.

"जेवलीस का?" मी विचारलं.

तिनं मान हलवली, हो म्हणून. खोटं बोलत होती, पण मी काही बोलले नाय. कोयती तिच्या हातात दिली आणि सुरमई तिच्यापुढं सरकवली.

मॅडम जाताना माझ्या कानाशी वाकून म्हणाल्या, "मावशी, कमाल केलीत." मी म्हटलं, "मी काय केलं? आमी सगळ्या फक्त ओरडलो."

त्यानंतर गाव जपून राहिलं. दवाखान्यात ती जायची, समुपदेशनाला जायची, परत येऊन बाजारात बसायची. दिपेश रस्त्यात दिसला तर मोटारसायकलवरून हात करायचा, बस्स. पण तिचं जेवण काही सुधारेना. ताटात भात चिवडत बसायची. मी माकुल केलं, तिसऱ्या केल्या, तिच्या आवडीचं कोळंबीचं भुजणं केलं. चार घास, आणि पुरे आते. रात्रीचं दोन वेळा बघितलं, तर पोर जागी. रीत पाळायची म्हणून मी जीभ दाताखाली धरली. आयुष्यात एवढं गप मी कधी राहिले नव्हते. माझ्या जिवाची काय दशा झाली ते माझं मला ठाऊक.

मग एक दिवस बाजारात ती बाई आली.

आमच्याकडची नव्हती. साडी नेसायची पद्धत वेगळी, हातात कापडी पिशवी, चप्पल धुळीनं भरलेली. मासे बघत नव्हती, माणसं बघत होती. जागृतीपुढं येऊन थांबली.

"बोईसरवरून आले मी," ती म्हणाली. "ती पोरगी इथं बसते म्हणं. टँकरवर दगड मारणारी."

रिद्धी माझ्या शेजारी कोळंबी सोलत होती. तिचा हात थांबला. मी पाटाखालून तिच्या पायावर पाय ठेवला, बस म्हणून.

जागृतीनं डोळा सुद्धा हलवला नाय. "कुठली पोरगी? आमच्यात दगड कोण मारत नाय, बाय. आमी तोंडानंच मारतो. पापलेट घेणार काय, ताजं हाय?"

"मला भांडायचं नाही."

"मग कशाला आलीस? इथं तशी कुणी नाय," मी म्हटलं. आवाज जरा चढलाच. चारही बाजूंनी बायका बोलायला लागल्या, नाय गं बाय, चुकीचा पत्ता हाय, मुरबे गावात बघ, तिकडं असेल. अख्खा बाजार एका सुरात खोटं बोलत होता आणि एकीची जीभ अडखळली नाय.

ती बाई खाली बसली. ओल्या फरशीवरच बसली. "आमचे हे होते त्या टँकरवर," ती म्हणाली. "मारुती. मी इंदुबाई, त्यांची बायको."

  आणि माझ्या पायाखालचा पाय सुटला. रिद्धी उठून उभी राहिली होती.

"मी," ती म्हणाली. "मीच ती."

इंदुबाईनं वर बघितलं. तिच्या केसांकडं, हातातल्या कोळंबीच्या सालांकडं, अनवाणी पायांकडं.  मी तयारीतच होते, हिनं हात उगारला तर मध्ये पडायचं.

"तू?" इंदुबाई म्हणाली. "एवढीशी?"

रिद्धीचं तोंड वाकडं झालं. आणि मग ती बोलायला लागली. इतक्या दिवसांत जे कुणी विचारलं नाय, आणि म्हणून तिनं सांगितलं नाय, ते सगळं. "मला वाटलं तेच घाण सोडतायत. आमची कालवं मेली होती. ते पडले तेव्हा मी त्या पाण्यात हात घातला, वास घेतला. वास आला नाय. नुसतं पाणी होतं. मी परत परत वास घेतला..." पुढं तिला बोलता येईना.

हे आमच्यापैकी कुणालाच ठाऊक नव्हतं. मला पण नाय.

"येताना मी पुष्कळ काय काय ठरवून आले होते बोलायचं," इंदुबाई म्हणाली. "ह्यांचा हात अजून वर होत नाही. गाडीवर दुसरा माणूस घेतलाय मालकानं. राग आहे मला, खोटं नाही बोलणार. पण मला वाटलं होतं, कुणी दांडगी पोरगी असेल. माझी लेक उत्कर्षा पण तुझ्याहून अंगानं भरलेली आहे."

तिनं पिशवीत हात घातला आणि घडी घातलेली एक ओढणी काढली. हिरवी, पिवळ्या काठाची. मी लगेच ओळखली, मीच पालघरच्या बाजारातून आणली होती.

"दवाखान्यात ह्यांच्या कपड्यांबरोबर दिली. हे म्हणाले, पोरीची आहे, तिनंच बांधली होती, परत देऊन ये. लई घासली. पण डाग काही गेला नाही." तिनं ओढणी रिद्धीच्या हातात दिली, आणि हात सोडला नाय. रिद्धी हुंदके देत होती. इंदुबाईनं तिच्या मनगटावरून अंगठा फिरवला, बाजारात मासा बघावा तसा, किती मांस हाय ते.

"जेवलीस का?" तिनं विचारलं.

आमच्या रीतीचं तिला कुणी सांगितलं नव्हतं. घाटावरची बाई, तिला कोण सांगणार? जागृतीनं पदर तोंडाला लावला. मी तर लावला पण नाय, तशीच रडत उभी राहिले.

"नाय," रिद्धी म्हणाली. मग माझ्याकडं वळली. "आते, मला भूक लागलीय."